परक्याला दार उघडणारा सिनेमा

गेल्या महिन्यात तास संपल्यावर नववीतल्या एका मुलाने मला विचारले, “सर, आपण बाहेरचे आहो काय?” कुठल्याशा ऐतिहासिक सिनेमाची क्लिप त्याच्या मोबाइलवर आली होती. मी काहीतरी समजूत घातली, पण उत्तर माझे मलाच पटले नाही. त्या रात्री वासिली प्रोनिन आठवला.

हे नाव आपल्याकडे फारसे कोणाला ठाऊक नाही. हा रशियन माणूस आधी कॅमेरामन होता. १९३१ सालचा ‘रोड टू लाइफ’ हा सोव्हिएत बोलपट त्याने चित्रित केला. रस्त्यावरच्या बेवारस पोरांच्या हाती अवजारे देऊन त्यांना माणसांत आणण्याची ती गोष्ट आहे. पुढे तो दिग्दर्शक झाला. १९४६ च्या ‘सन ऑफ द रेजिमेंट’मध्ये युद्धात अनाथ झालेल्या मुलाला तोफखान्याचे सैनिक आपलासा करतात. आणि १९५७ साली ख्वाजा अहमद अब्बास यांच्यासोबत त्याने ‘परदेसी’ केला. भारत आणि सोव्हिएत रशिया यांनी मिळून काढलेला हा पहिला सिनेमा. बेवारस पोर, अनाथ मुलगा, परदेशी व्यापारी. ज्याचे कोणी नाही त्याला जवळ कोण करतो, हाच प्रश्न मला या तिन्ही सिनेमांत दिसतो.

‘परदेसी’ची गोष्ट तर आपल्या महाराष्ट्राची आहे. पंधराव्या शतकात त्वेर शहराचा अफानासी निकितीन एक घोडा घेऊन चौलला उतरला, जुन्नरला राहिला, पुढे बिदरला गेला. ओलेग स्त्रिझेनोव्ह निकितीन झाला आणि पृथ्वीराज कपूर बहामनी वजीर महमूद गावान. नर्गिसची चंपा मात्र निकितीनच्या प्रवासवर्णनात नाही, ती सिनेमाची भर.

प्रवासवर्णनात जे आहे ते जास्त बोलके आहे. जुन्नरच्या असदखानाने निकितीनचा घोडा काढून घेतला आणि मुसलमान हो, तरच देतो, म्हणाला. मुहम्मद नावाच्या एका खुरासानी गृहस्थाने मध्ये पडून त्याला सोडवले. म्हणजे जबरदस्ती करणारा मुसलमान, आणि सोडवणाराही मुसलमानच. आजचे सिनेमे यातला फक्त पहिला माणूस घेतात. आमच्यातले काही लोक फक्त दुसऱ्याचे नाव घेतात. शिक्षक म्हणून मला दोन्ही शिकवावे लागतील. पहिला लपवला तर दुसऱ्यावर मुले विश्वास का ठेवतील?

महमूद गावान हाही परदेशीच. इराणच्या गिलानचा. तोही व्यापारी म्हणूनच कोकणात, दाभोळला उतरला होता. पुढे वजीर झाला. बिदरला त्याने मोठा मदरसा बांधला. आपल्या वऱ्हाडाचे गाविल आणि माहूर असे दोन भाग केले. १४८१ साली एका बनावट पत्रावर विश्वास ठेवून सुलतानाने त्याला ठार मारले. दरबारात दख्खनी आणि बाहेरचे असा वाद होता, त्यात त्याचा जीव गेला. ‘बाहेरचा’ हा शब्द तेव्हाही कामी आणला जात होता, आणि तेव्हा दोन्ही बाजूंना मुसलमान सरदारच होते.

निकितीनही घरी पोहोचला नाही, वाटेतच वारला. पण त्याच्या वहीत रशियन लिपीत फारसी, अरबी, तुर्की शब्द मिसळलेले आहेत. स्वतःचा धर्म सोडावा लागेल म्हणून घाबरलेला हा माणूस परक्या शब्दांना मात्र घाबरला नाही. उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवणाऱ्या मला तो म्हणून जवळचा वाटतो.

प्रोनिनचा सिनेमा ‘हिंदी-रुसी भाई भाई’च्या दिवसांतला, त्यात गोडवा जरा जास्तच आहे. तरी एका देशाच्या माणसाने दुसऱ्या देशात येऊन, तिथल्या दिग्दर्शकासोबत बसून, इतिहासातून भांडण न उकरता भेट शोधली. हे काम सोपे नव्हते. आजही नाही.

त्या मुलाला मी आता मन आणि म्हैस नदीच्या काठी आपल्या बाळापूरची छत्री दाखवायला नेणार आहे. ती मिर्झाराजे जयसिंगांची, म्हणजे मूळ आमेरच्या राजाची. बाळापूरचा कोणीही माणूस तिला बाहेरची म्हणत नाही. तिच्या सावलीत बसून त्याला सांगेन, बेटा, तू इथला आहेस. आणि उद्या कोणी नवा माणूस आला, तर त्याला हा प्रश्न विचारावा लागू नये, हे आता तुझे काम.