भाऊसाहेब सस्पेंड झाले, पुढे काय?

"भाऊसाहेब सस्पेंड झाले!" अशी बातमी गावात फुटली की पारावरचा पहिला शेरा ठरलेला असतो, "बरी जिरली!" फेरफाराच्या नोंदीसाठी ज्याने हेलपाटे घातले, त्याला आनंद होणारच. परंदवडी-सोमाटण्याच्या पट्ट्यात जमिनीला भाव आला, तसा तलाठ्याच्या सहीलाही आला. आता कागदोपत्री तलाठ्याला ग्राम महसूल अधिकारी म्हणतात, पण गावाच्या तोंडी ते भाऊसाहेबच. तेव्हा चिडणाऱ्याला बोल लावता येत नाही.

पण मंडळी, निलंबन ही शिक्षा नव्हेच. महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ मध्ये शिक्षांची यादी आहे; त्यात निलंबन नाही. निलंबित माणसाला निर्वाह भत्ता मिळतो. सुरुवातीला साधारण निम्म्या पगाराइतका, आणि चौकशी त्याच्यामुळे रखडली नसेल तर तीन महिन्यांनंतर त्यात वाढही होऊ शकते. म्हणजे काम न करता पैसे सरकारी तिजोरीतून, आणि सजाचा कारभार शेजारच्या तलाठ्याच्या गळ्यात. त्याचीच गावे त्याला आवरत नाहीत, तो आपल्याकडे कधी येणार? मग जिरली कुणाची? आपलीच!

खरी गोष्ट पुढे असते, ती खातेनिहाय चौकशी. मोठी शिक्षा द्यायची तर आधी दोषारोपपत्र द्यावे लागते. त्यासोबत आरोपांचा तपशील, कागदपत्रांची आणि साक्षीदारांची यादी. कर्मचाऱ्याने लेखी बचाव द्यायचा, साक्षीदारांची उलटतपासणी घ्यायची, मग चौकशी अधिकाऱ्याने अहवाल लिहायचा. राज्यघटनेच्या ३११व्या कलमाने ही हमी दिली आहे. नेमणूक करणाऱ्यापेक्षा खालच्या अधिकाऱ्याला बडतर्फ करता येत नाही, आणि काही मोजके अपवाद सोडले तर चौकशीवाचून कुणालाच नाही.

कुणी म्हणेल, "लाच खाणाऱ्याचे एवढे लाड कशाला?" लाड नव्हेत हो. हा रस्ता सोडला की दोषीच सुटतो. अहवालाची प्रत कर्मचाऱ्याला दिल्याशिवाय वरिष्ठाने दोष ठरवू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९३ साली करुणाकर प्रकरणात सांगितले. आपल्याच राज्यातले योगीनाथ बागडे हे तर स्वतः न्यायिक अधिकारी. चौकशी अधिकाऱ्याने त्यांच्यावरचे आरोप सिद्ध होत नाहीत म्हटले, वरच्या समितीने ते मानले नाही, पण का मानत नाही यावर त्यांचे म्हणणे आधी ऐकले नाही. १९९९ साली सर्वोच्च न्यायालयाने बडतर्फी रद्द केली. मुंबई बंदराच्या नाडकर्णी प्रकरणात १९८२ साली हेच तत्त्व निघाले: मालकाच्या बाजूने कायदा शिकलेला माणूस उभा असेल, तर कामगारालाही वकील द्या. कुस्ती दोघांची, तर लंगोट दोघांनाही हवा.

आता उलट बाजू बघा. समजा, एखाद्या तलाठ्याने बड्या धेंडाची खोटी नोंद करायला नकार दिला. दुसऱ्या दिवशी त्याच्याविरुद्ध अर्ज, आठ दिवसांत निलंबन. अशा माणसाला उलटतपासणीशिवाय दुसरे हत्यार कोणते? ते आपण काढून घेतले, तर उद्या धेंडापुढे उभा राहणारा भाऊसाहेब गावाला मिळायचा नाही.

खरे दुखणे आहे ते दिरंगाईचे. दोषारोपपत्राविना निलंबन तीन महिन्यांपुढे ताणू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१५ साली अजयकुमार चौधरी प्रकरणात म्हटले. राज्य शासनानेही ९ जुलै २०१९ रोजी तसा निर्णय काढून ९० दिवसांची मुदत घातली. चौकशी शक्यतो सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात संपवा, हेही न्यायालयाने २०१५ सालीच दुसऱ्या एका प्रकरणात बजावले. कागद चोख आहे, अंमल हवा. चौकशी वर्षानुवर्षे लोंबकळली की साक्षीदार विसरतात, तक्रारदार कंटाळतो, कागद गहाळ होतात. मग प्रकरण प्रशासकीय न्यायाधिकरणात गेले की टिकत नाही.

म्हणून तीन गोष्टी मागाव्यात. एक, ९० दिवसांत दोषारोपपत्र द्या, नाहीतर त्या माणसाला दुसरीकडे कामाला लावा, फुकट बसवू नका. दोन, तक्रारदाराची साक्ष वडगावलाच घ्या, तारीख चार दिवस आधी कळवा. भातलावणीच्या दिवसांत रोज बुडवून पुण्याला कोण जाणार? तीन, निकाल काय लागला ते ग्रामसभेत सांगा.

आणि आपणही एक करावे. अर्ज टाकून घरी बसू नये, साक्षीलाही उभे राहावे. पारावर जिरवून कुणाची जिरत नाही. ती जिरते चौकशीत, आणि तीही दोन्ही बाजू ऐकल्या तरच.