पोराला तालमीत घालताना शाळेचा दाखला काढावा का?



‘माझा आवडता खेळ’ या निबंधासाठी कुस्ती निवडणाऱ्या मुलाची पहिली ओळ ठरलेली असते : ‘कुस्ती हा महाराष्ट्राच्या मातीतील रांगडा खेळ आहे.’ ही ओळ बहुतेक वेळा आपणच फळ्यावर लिहून दिलेली असते. मग शाहू महाराज येतात, खाशाबा जाधव येतात, व्यायामाचे फायदे येतात आणि शेवटी ‘आज हा खेळ लोप पावत चालला आहे’ अशी हळहळ येते. दहापैकी आठ गुण पक्के. पण या अख्ख्या निबंधात एक गोष्ट कुठेच नसते, ती म्हणजे पैसा.

आणि लोप पावतोय म्हणता? आमच्या पंढरपूर, मंगळवेढा, मोहोळ, माळशिरस या पट्ट्यात चैत्रापासून गावोगावच्या यात्रा सुरू झाल्या की जरा फिरून बघा. पालखी, छबिना, तमाशा झाला की शेवटच्या दिवशी कुस्त्यांचं मैदान असतंच. दुपारी हलगी कडाडायला लागते. ताक, लिंबू, हळद, तेल घालून मळलेली तांबडी माती मोकळी केली जाते. आधी बारकी पोरं रेवड्यांवर आणि नारळावर लढतात. मग शंभराच्या, पाचशेच्या, हजाराच्या कुस्त्या लागतात. दिवस कलला की मोठ्या जोडी आणि सगळ्यात शेवटी एक नंबरची कुस्ती. तिचा आकडा निवेदक माईकवरून पुन्हा पुन्हा सांगतो, देणगीदाराच्या नावासकट. मध्येच कुणी खूश होऊन पैलवानाच्या हातात नोट ठेवतो, त्याचंही नाव पुकारलं जातं. गावकी वर्गणी काढते, पत्रकं छापते, जोडी ठरवते. ठरलेला पैलवान आला नाही तर लोक पंच कमिटीला धारेवर धरतात. प्रेक्षक आहेत, बिदागी आहे, जाहिरात आहे, ठरलेला क्रम आहे. हा धंद्याचा जिवंत खेळ आहे आणि त्यात लाज वाटण्यासारखं काही नाही.

माझं म्हणणं एवढंच, की कुस्ती हा पहिल्यापासून पेशा आहे हे आपण मुलांना आणि पालकांना सरळ सांगावं. ते सांगत नाही म्हणून सातवी-आठवीतलं पोरगं शाळेतून काढून दूरच्या तालमीत ठेवताना कुणी हिशोबच करत नाही. दुसरा कुठलाही पेशा निवडताना आपण विचारतो की कमाई किती वर्षं, जोखीम काय, नाही जमलं तर पुढे काय. इथे मात्र ‘मातीची सेवा’ म्हटलं की प्रश्न संपतात.

इतिहास तरी काय सांगतो? शाहू महाराजांनी कुस्तीला आश्रय दिला, म्हणजे नेमकं काय केलं? पैलवानांच्या खुराकाची आणि राहण्याची सोय केली, त्यांना संस्थानाच्या खर्चाने पोसलं. १९०२ साली ते इंग्लंडला गेले होते, त्या प्रवासात रोममधलं जुनं प्रेक्षागार त्यांनी पाहिलं आणि त्यावरून कोल्हापुरात खासबाग मैदान बांधून घेतलं. १९१२ मध्ये ते पुरं झालं. मधला आखाडा उंच आणि भोवती उताराची बैठक, त्यामुळे पार शेवटच्या माणसालाही दोन्ही पैलवान दिसतात. हजारो लोकांनी एकाच वेळी बघावं म्हणूनच ती जागा बांधली. तिथल्या गाजलेल्या पहिल्या मोठ्या कुस्तीत गामाचा भाऊ इमामबक्ष उतरला होता. तेव्हापासून पंजाबचे पैलवान महाराष्ट्रात येऊन लढत राहिले. म्हणजे ‘महाराष्ट्राच्या मातीतील’ या शब्दांनाही जरा थांबून बघायला हवं. पैलवान, वस्ताद, कुस्ती हे शब्द फारसीतून आलेले, तालीम अरबीतून. ‘तालीम’चा मूळ अर्थ शिक्षण असा आहे. आपल्यासारख्या मास्तरांनी हा शब्द एकदा तरी वर्गात फोडून सांगावा.

संस्थानं विलीन झाली आणि हा राजाश्रय संपला. पैलवान जगणार कशावर, हा प्रश्न त्या पिढीपुढे खराखुरा होता. एक वाट तिकीट लावून भरणाऱ्या मैदानांची आणि गावजत्रांची. दुसरी मुंबईतल्या फ्री स्टाइल कुस्त्यांची, जिथे दारासिंग आणि किंगकाँग यांची नावं घरोघर पोचली. तिसरी वाट किताबांची. १९५३ साली मामासाहेब मोहोळ यांच्या पुढाकाराने राज्य कुस्तीगीर परिषद उभी राहिली (हे आडनाव, आपल्या मोहोळ तालुक्याशी त्याचा संबंध नाही, मुलं हमखास गोंधळतात). १९५९ साली श्रीपती खंचनाळे पहिले हिंदकेसरी झाले. १ मे १९६० ला राज्य स्थापन झालं आणि पुढच्याच वर्षी, १९६१ मध्ये, औरंगाबादला पहिली ‘महाराष्ट्र केसरी’ झाली. सांगलीचे दिनकर दह्यारी पहिले विजेते. नव्या राज्याला सगळ्या जिल्ह्यांना एका जागी आणणारं काहीतरी हवं होतं, ते या स्पर्धेने दिलं असं मला वाटतं. स्पर्धा दरवर्षी वेगळ्या गावी जायची. अलिबाग, खामगाव, चंद्रपूर अशा ठिकाणी गेली, १९७६ ला आपल्या जिल्ह्यातल्या अकलूजलाही आली. काही वर्षी तर शेवटची कुस्ती निकालीच निघाली नाही आणि तो किताब कुणालाच मिळाला नाही. आजच्या मुलांना हे सांगितलं की ती चक्रावतात. पंचांनी कुणाला तरी गुण देऊन मोकळं व्हायचं ना, असं विचारतात.

आपल्या जिल्ह्याचा वाटा यात मोठा आहे. दक्षिण सोलापुरातल्या बोरामणीच्या एकाच शेख घराण्याने तीन महाराष्ट्र केसरी दिले : १९८० ला इस्माईल, १९९२ ला अप्पालाल, २००२ ला मुन्नालाल. करमाळा तालुक्यातला बाला रफिक शेख २०१८ चा मानकरी. मोहोळचा सिकंदर शेख आणि मंगळवेढा तालुक्यातल्या शिरसीचा महेंद्र गायकवाड यांची जानेवारी २०२३ मधली पुण्यातली लढत तर आपल्या घराघरांत मोबाईलवर पुन्हा पुन्हा पाहिली गेली. महेंद्रने मारलेल्या बाहेरच्या टांगेला चार गुण द्यायचे की नाही, यावर आठवडाभर वाद चालला. पंचांना धमक्यांपर्यंत गोष्ट गेली. त्या स्पर्धेच्या विजेत्याला थार गाडी होती, उपविजेत्याला ट्रॅक्टर. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये फुलगावला सिकंदरने अर्ध्या मिनिटाच्या आत अंतिम कुस्ती मारली आणि गदा आणली. पुढे २०२५ च्या अहिल्यानगरच्या स्पर्धेत निकालावरून मॅटवरच राडा झाला, पंचाला लाथ मारली गेली आणि दोन मल्लांवर तीन वर्षांची बंदी आली. संघटनांच्या भांडणात एकाच वर्षी दोन-दोन महाराष्ट्र केसरी स्पर्धाही आपण पाहिल्या.

हे सगळं सांगण्याचं कारण, बक्षीस गाडीएवढं झालं की एका गुणाची किंमतही तेवढीच होते. एका टांगेवर कुणाच्या तरी घरच्यांची दहा वर्षांची मेहनत लटकलेली असते.

आता मुलं काय बघतात तेही बघू. पाचवी-सहावीच्या वर्गात जॉन सीना आणि रोमन रेन्स सगळ्यांना पाठ आहेत. मधल्या सुट्टीत एकमेकांना उचलून आपटण्याचे प्रकार होतात आणि आपण ओरडतो, ‘अरे ते खोटं असतं!’ ते कसं खोटं असतं हे मात्र सांगत नाही. त्या कंपनीने १९८९ मध्येच अमेरिकेतल्या न्यू जर्सी राज्याच्या सभागृहापुढे कबूल केलं होतं की आमचा कार्यक्रम मनोरंजन आहे, स्पर्धा नाही. कारण साधं, खेळ म्हटलं की सरकारी नियम आणि कर लागत होते. १९९३ च्या जानेवारीपासून ‘रॉ’ हा त्यांचा साप्ताहिक कार्यक्रम सुरू झाला, अजून चालू आहे. कोण जिंकणार हे आधी ठरलेलं असतं, पण पडणं आणि लागणं खरं असतं. मोठी, शिकवलेली माणसं ते करतात आणि तरीही जायबंदी होतात. एवढं समजावलं तर मधल्या सुट्टीतलं आपटणं निम्मं तरी कमी होतं, हा माझा वर्गातला अनुभव आहे. आणि आपलं मैदान तेवढं सोवळं असंही मुलांना सांगू नये. ‘नुरा कुस्ती’ हा शब्द आपल्या भाषेत आहे, पुढारी एकमेकांवर खोटे आरोप करतात तेव्हा वर्तमानपत्रं तो वापरतात. वस्तू असल्याशिवाय तिला नाव पडत नाही.

तर आता मुद्द्याचं. दरवर्षी उन्हाळ्यात एखादा पालक शाळेत येतो आणि दाखला मागतो. ‘पोराला कोल्हापूरला ठेवतोय.’ मुलगा अंगाने चांगला असतो, यात्रेत दोन-चार कुस्त्या मारलेल्या असतात, मामानं किंवा चुलत्यानं डोक्यात घेतलेलं असतं. तूप, बदाम, दूध, तालमीचा खर्च यासाठी घरात दुसऱ्या पोरांच्या तोंडचं काढलं जातं. काही मुलं तिथल्या शाळेत नावाला दाखल होतात. काही पुढे सतरा नंबरचा फॉर्म भरून दहावीला बाहेरून बसतात, काही बसतही नाहीत. पहाटे चारला उठून हजार बैठका मारलेला मुलगा दुपारी वर्गात जागा कसा राहणार, हाही प्रश्न आहेच.

वस्ताद मंडळी म्हणतात की बाराव्या-तेराव्या वर्षी माती लागली नाही तर डाव अंगात मुरत नाहीत. त्यात तथ्य आहे. मी ते नाकारत नाही. पण डाव मुरायला घर सोडावं लागतं असं नाही. आपल्या तालुक्यातही तालमी आहेत, सकाळ-संध्याकाळ जाता येतं. दहावीपर्यंत पोरगं घरी राहून, शाळेत बसून, जवळच्या तालमीत लढू द्या आणि नंतर हवं तर कोल्हापूर-पुणे धरा, असं माझं स्पष्ट मत आहे. निवासीच ठेवायचं असेल तर शासनाच्या क्रीडा प्रबोधिन्यांची चौकशी करा, तिथे अभ्यास आणि सराव दोन्ही चालतात.

आणखी एक गोष्ट बऱ्याच पालकांना ठाऊक नसते. यात्रेच्या मैदानात मिळालेलं इनाम त्या दिवशी खिशात येतं, पण सरकारी नोकरीत खेळाडूंसाठी जे पाच टक्के आरक्षण आहे त्याला ते चालत नाही. तिथे मान्यताप्राप्त स्पर्धेचं प्रमाणपत्र लागतं आणि पदाला लागेल ते शिक्षणही लागतं. तालुका, जिल्हा, विभाग, राज्य अशा शालेय स्पर्धा आपल्या शाळेतूनच खेळता येतात, दहावी-बारावीला त्याचे सवलतीचे गुणही मिळतात. दाखला काढून नेलेल्या आणि कुठल्याच शाळेत न बसणाऱ्या मुलाचा हा रस्ता बंद होतो. २०१४ ते २०१६ सलग तीनदा महाराष्ट्र केसरी झालेले विजय चौधरी पोलीस उपअधीक्षक झाले हे सगळे सांगतात. पण तो किताब वर्षाला एकाचाच. पंचविशीत गुडघा गेलेल्या, मैदानावर कुणी बोलवेनासं झालेल्या मुलाचं पोस्टर कुणी लावत नाही.

निबंधातल्या खाशाबांकडेही या नजरेने बघायला हवं. १९५२ ला हेलसिंकीला कांस्यपदक आणणारे खाशाबा कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे विद्यार्थी होते. ऑलिंपिकला जायला पैसे नव्हते, तेव्हा कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी स्वतःचं घर गहाण ठेवून सात हजार रुपये उभे केले. पुढे खाशाबा पोलिसात फौजदार झाले. स्वतंत्र भारताचं पहिलं वैयक्तिक ऑलिंपिक पदक मिळवणाऱ्या माणसाच्या मागे एक कॉलेज आणि एक मास्तर होता, हे वाक्य मुलांच्या निबंधात यायला हवं.

मुलींबद्दलही थोडं. मार्च २०२३ मध्ये सांगलीला पहिली महिला महाराष्ट्र केसरी झाली, प्रतीक्षा बागडीने ती जिंकली. त्यानंतर आमच्याकडेही मुली विचारायला लागल्यात. त्यांच्यासाठी खेडोपाडी तालमीची जागा, कपडे बदलायची खोली, सोबतीला बाई, यातलं काहीच धड नाही. ते शाळेच्या आवारात सहज होऊ शकतं.

शिक्षक मित्रांनो, यंदा यात्रेच्या मैदानाचं पत्रक वर्गात आणून बघा. भाषेचा, गणिताचा, इतिहासाचा तास त्यावर होतो. त्यात पैलवानाचं नाव असतं, गाव असतं, तालीम, वस्ताद, इनामाचा आकडा आणि देणगीदाराचा फोटो असतो. वय आणि शिक्षण नसतं. मुलांना वहीत ते दोन रकाने आखायला सांगा आणि गावातल्या दोन-तीन जुन्या पैलवानांकडे पाठवा. पहिलं मैदान कितव्या वर्षी, शेवटचं कितव्या वर्षी, शाळा कुठपर्यंत आणि आज काय करता, एवढंच विचारून यायला सांगा. पालक सभेला त्या वह्या टेबलावर ठेवा.