अद्भुताचे ज्वलनशास्त्र

मराठी समीक्षेत 'अद्भुत' हा शब्द वर्णनासाठी कमी आणि निकालासाठी अधिक वापरला जातो. एखाद्या कृतीला अद्भुत म्हटले की तिची चिकित्सा करण्याचे कारणच उरत नाही. या सवयीला इतिहास आहे. 'मुक्तामाला' (१८६१) आणि 'मंजुघोषा' (१८६८) यांच्या परंपरेविरुद्ध वास्तवाचा आग्रह धरणे ही एके काळी वाङ्मयीन गरज होती, आणि राजवाड्यांचा 'कादंबरी' (१९०२) हा निबंध त्या गरजेतून आला. मात्र शंभरहून अधिक वर्षे लोटल्यावरही आपण तोच निकाल वाचून दाखवत असू, तर तो आळस आहे. या निकालामागचे गृहीतक असे : अद्भुतात काहीही घडू शकते, म्हणून तिथे कशालाच किंमत नसते.

हे गृहीतक मुळात चुकीचे आहे, असे माझे म्हणणे आहे. त्यासाठी एकच कसोटी घेऊ : कल्पित जगात वस्तू जळते कशी?

वास्तववादी कादंबरीकाराला हा प्रश्न पडत नाही. त्याच्या चुलीतला जाळ निसर्ग सांभाळतो. कल्पित जग उभारणाऱ्याला मात्र जाळाचाही कायदा लिहावा लागतो, आणि एकदा लिहिला की पाळावा लागतो. स्वातंत्र्य अधिक कोणाला, हे आता वाचकानेच ठरवावे.

चुकीचा सिद्धान्तही किती नियमबद्ध असू शकतो, हे फ्लॉजिस्टॉनच्या इतिहासात दिसते. बेखरने १६६७ साली मांडलेल्या 'स्निग्ध मृत्तिके'तून श्टालने अठराव्या शतकाच्या आरंभी ही कल्पना घडवली. जळणे म्हणजे पदार्थातून फ्लॉजिस्टॉन बाहेर पडणे. कोळसा त्याने भरलेला, म्हणून धातूचे भस्म कोळशाबरोबर तापवले की धातू परत मिळतो. झाकलेल्या भांड्यातली ज्योत विझते, कारण आतली हवा फ्लॉजिस्टॉनने संपृक्त होते. हे सारे एकमेकांत घट्ट बसते. अडचण आली ती तराजूची. भस्म धातूपेक्षा जड भरते. मग काहीतरी निघून गेले कसे? काहींनी फ्लॉजिस्टॉनला उणे वजन बहाल केले. लाव्हाझिएने १७७२ पासूनच्या प्रयोगांनी दाखवले की ज्वलनात हवेतला एक घटक पदार्थाशी संयोग पावतो. प्रीस्टलीने मात्र १८०० सालीही जुन्या सिद्धान्ताच्या समर्थनार्थ ग्रंथ लिहिला.

प्रयोगशाळेने टाकून दिलेला हा सिद्धान्त अद्भुताने उचलला. 'स्पेलजॅमर' (१९८९) या भूमिकाखेळाच्या विश्वात स्फटिकगोलांच्या मधल्या पोकळीत फ्लॉजिस्टॉन भरलेले आहे आणि ते अतिज्वालाग्राही आहे. तिथे ज्योत पेटवली की स्फोट ठरलेला. कल्पना आकर्षक आहे, पण उसनवारी नावापुरतीच झाली. श्टालच्या सिद्धान्तातला 'बाहेर पडण्या'चा तर्क तिथे कुठेच नाही. म्हणूनच २०२२ च्या नव्या आवृत्तीत त्या जागी सूक्ष्मसागर आला तरी ते विश्व कोसळले नाही. जो नियम काढून घेतल्यावर काहीच ढासळत नाही, तो नियम नसून नेपथ्य असतो.

याउलट हिरोमु अराकावा यांची 'फुलमेटल अल्केमिस्ट' (२००१-२०१०) ही चित्रकथामालिका पाहावी. तिथली किमया सममूल्य विनिमयाच्या नियमाने बांधलेली आहे. रॉय मस्टँग हा अधिकारी हवेतल्या प्राणवायूचे प्रमाण बदलतो आणि हातमोज्याच्या घर्षणातून ठिणगी पाडतो. मोजा भिजला की तो हतबल. पुढे एका प्रसंगी तो त्याच पाण्यातून हायड्रोजन वेगळा करून मार्ग काढतो. प्राणवायू स्वतः जळत नाही, एवढ्याने ज्वाला साधणार नाही, असा आक्षेप रसायनशास्त्राचे प्राध्यापक घेतील. घ्यावा. मुद्दा पाठ्यपुस्तकी सत्याचा नाही, स्वतः घातलेल्या अटी पाळण्याचा आहे. आणि या अटींमधूनच नैतिक प्रश्न उभा राहतो. ही विद्या शिकता येते, म्हणून ती वापरणाऱ्यावर जबाबदारी येते. इश्वलच्या संहारात माणसे जाळली गेली ती याच विद्येने. तिचे रहस्य रायझाच्या पाठीवर तिच्या पित्याने गोंदलेले आहे, आणि संहारानंतर ती मस्टँगलाच ते जाळून टाकायला सांगते. ज्वलनाचा सिद्धान्त येथे अपराधाची भाषा होतो. याला पलायन म्हणणाऱ्यांनी आपण कशापासून पळतो आहोत ते तपासावे.

आपल्याकडे अशी सामग्री नाही काय? न्याय-वैशेषिकांनी तेजाचे भौम, दिव्य, उदर्य आणि आकरज असे चार प्रकार केले. विजेचे इंधन पाणी मानले आणि सोन्याला तैजस ठरवले. त्याहून विलक्षण आहे तो पाकाचा वाद. भट्टीत कच्चा घट लाल होतो तो कसा? नैयायिक म्हणतात, घट सच्छिद्र आहे. अग्नी आत शिरतो आणि घट आहे तसाच राहून रंग पालटतो. वैशेषिक म्हणतात, घट परमाणूंपर्यंत विघटित होतो, परमाणू लाल होतात आणि त्यांतून नवा घट जुळतो. म्हणजे भट्टीत गेलेला घट आणि बाहेर आलेला घट एक नव्हे!

आता असे जग कल्पावे, जिथे वैशेषिकांचे म्हणणे अक्षरशः खरे आहे. तिथे अग्निदिव्याचे काय होईल? आगीतून बाहेर येणारी स्त्री आत गेलेली स्त्री नसेलच, तर शुद्ध कोण ठरले आणि संशय कोणावर होता? एक पदार्थशास्त्रीय मत एका संपूर्ण न्यायव्यवस्थेला निरर्थक करून टाकते. ही कादंबरी मराठीत मला वाचायची आहे.

येथे दुसऱ्या बाजूच्या उत्साहालाही आवर घालायला हवा. 'आमच्या पूर्वजांना सर्व ठाऊक होते' ही घोषणा या सामग्रीचा सर्वांत मोठा शत्रू आहे. पाकाचा वाद आधुनिक रसायन नाही, आणि तसा तो ठरवू गेल्यास विज्ञानही हातचे जाते आणि कल्पनाही. त्याला कल्पित म्हणून गंभीरपणे घेणे, हाच त्याचा सन्मान.

एखादी विद्यार्थिनी प्रबंधासाठी असा विषय घेऊन येते तेव्हा 'हे साहित्यात बसत नाही' असे सांगणे सोपे असते. तिला विचारायचा प्रश्न वेगळा आहे : या जगात आग कोणत्या नियमाने लागते, आणि तो नियम कोणाला जाळतो? उत्तर देता आले, तर ते साहित्यात बसते.