आल्बर्ट पार्कमधले सर जॉर्ज ग्रे



ऑकलंडकरांना आल्बर्ट पार्क कुठे आहे हे सांगायला नको. विद्यापीठाला लागून असलेल्या या बागेत सर जॉर्ज ग्रे याचा संगमरवरी पुतळा आहे. १९८७च्या वैतांगी दिनी त्याचे डोके उडवले गेले, ते नवे बसवले. जून २०२०मध्ये त्याला लाल रंग फासला गेला. तेव्हापासून आपल्या घरगुती गाठीभेटींत, जेवण उरकून चहा येईपर्यंतच्या वेळात, हा विषय अधूनमधून निघतो. कोणी म्हणते, या माणसाने देशाला ग्रंथालय दिले, मताचा हक्क दिला, मग तोडफोड कशाला? कोणी म्हणते, जमिनी लुटणारा माणूस, हटवा तो पुतळा. पहिला सूर माझ्या चांगल्या ओळखीचा आहे. ‘काही म्हणा, रेल्वे इंग्रजांनीच आणली’ असे म्हणणारे एक तरी आजोबा आपल्या प्रत्येकाच्या घरी होते! पण ग्रेने नेमके केले काय, असे विचारले की दोन्हीकडची मंडळी गप्प होतात. मीही त्यातलाच होतो, म्हणून गेले काही महिने वाचत बसलो.

ग्रेचे वडील ब्रिटिश सैन्यात लेफ्टनंट कर्नल होते. एप्रिल १८१२मध्ये स्पेनमधल्या बादाहोसच्या लढाईत ते मारले गेले आणि त्यानंतर काही दिवसांतच लिस्बनला हा जन्मला. सँडहर्स्टला शिकून १८३०मध्ये तो सैन्यात गेला. आयर्लंडमधल्या नेमणुकीत तिथल्या कुळांची दैना त्याने पाहिली आणि जमीनदारांविषयीची चीड त्याच्या मनात बसली ती कायमची. पुढे ऑस्ट्रेलियाच्या वायव्य भागातल्या मोहिमेत १८३८मध्ये त्याला भाला लागला. भाला फेकणाऱ्या आदिवासीला त्याने गोळी घातली. एकोणतिसाव्या वर्षी तो साउथ ऑस्ट्रेलियाचा गव्हर्नर झाला, १८४५मध्ये न्यूझीलंडचा, १८५४मध्ये केप वसाहतीचा आणि १८६१मध्ये पुन्हा न्यूझीलंडचा.

केपमधल्या दिवसांचा आपल्याशीही संबंध आहे. १८५७च्या उठावाची बातमी आणि मदतीची मागणी मुंबईचा गव्हर्नर लॉर्ड एल्फिन्स्टन याने केपला कळवली. (आजच्या हॉर्निमन सर्कलला पूर्वी ज्याचे नाव होते तो हाच.) ग्रेने तत्परतेने पलटणी आणि घोडे हिंदुस्थानकडे रवाना केले. त्याच सुमारास त्याच्या हद्दीला लागून खोसा लोक उपासमारीने मरत होते. नोंगकावुसे नावाच्या मुलीच्या भविष्यवाणीवर विश्वास ठेवून त्यांनी १८५६-५७मध्ये आपली गुरे मारली, धान्य नष्ट केले. सुमारे ४०,००० माणसे मेली असा अंदाज आहे. ग्रेच्या प्रशासनाने खासगी मदत समितीला काम थांबवायला लावले, भुकेल्यांना मजुरीचे करार करून वसाहतीत पाठवले, सरदारांना रॉबेन बेटावर कैदेत टाकले आणि रिकाम्या झालेल्या जमिनीवर गोरे वसाहतवाले बसवले. त्याच काळात त्याने खोशांसाठी इस्पितळ बांधले, सरदारांच्या मुलांसाठी शाळा काढली. ही दोन वेगवेगळी माणसे नव्हेत. त्याच्या लेखी हे सगळे मिळून एकच काम होते.

न्यूझीलंडमध्येही तेच. १८४८मध्ये त्याच्या कारकिर्दीत नाय ताहू जमातीकडून दक्षिण बेटावरची एक कोटीहून जास्त एकर जमीन २,००० पौंडांना घेतली गेली. त्यांच्यासाठी राखून ठेवली ती साडेसहा हजार एकरांहूनही कमी. जुलै १८६३मध्ये वायकातोवर सैन्य त्याने घातले आणि त्यानंतर जमिनी जप्त झाल्या. त्याबद्दलची माफी १९९५च्या कायद्यात आहे आणि त्यावर खुद्द राणी एलिझाबेथची सही आहे.

१८६८मध्ये लंडनने त्याला घरी बसवले. एखादा निवृत्त गव्हर्नर गुलाब लावत बसला असता. हा १८७५मध्ये निवडणुकीला उभा राहिला, १८७७मध्ये पंतप्रधान झाला आणि सभांतून बड्या जमीनदारांवर तुटून पडू लागला. १८७८मध्ये त्याच्या सरकारने जमिनीवर कर बसवला. जितक्या मतदारसंघांत मालमत्ता तितकी मते, हा प्रकार १८८९मध्ये बंद झाला तो त्याच्याच दुरुस्तीमुळे. ‘एक माणूस, एक मत’ हे त्याचे जन्माचे व्रत होते आणि ते खरे होते, हे मान्य केले पाहिजे.

फक्त ‘माणूस’ कोण, हे आधीच ठरलेले होते. १८७९मध्ये याच लोकशाहीवादी पंतप्रधानाच्या सरकारने चिनी लोकांना रोखण्यासाठी विधेयक आणले. त्याचा कायदा झाला नाही. पण पुढच्या सरकारने १८८१मध्ये प्रत्येक चिनी माणसावर १० पौंडांचा डोईकर बसवला, १८९६मध्ये तो १०० पौंड झाला. १८९९च्या कायद्याने प्रवेशाचा अर्ज युरोपीय भाषेत भरण्याची अट आली, ती हिंदी माणसांसाठीही होती. मूळ देश पाहून माणसे निवडणे थांबले ते १९८७च्या कायद्याने, आणि १९९१मध्ये गुणांची पद्धत आली. तुमच्याआमच्या पदव्यांना गुण मिळाले ते तिच्यात. ‘त्याने आपल्याला मताचा हक्क दिला’ असे आपल्यापैकी कोणी म्हणाले की मला म्हणूनच हसू येते. त्याच्या यादीत आपण नव्हतोच.

पण मला सर्वांत जास्त अस्वस्थ केले ते त्याच्या विद्वत्तेने. ग्रे माओरी शिकला, कारण सरदारांच्या पत्रांतले आणि भाषणांतले जुन्या गीतांचे आणि म्हणींचे संदर्भ त्याला उमगत नव्हते, आणि त्यांच्यावाचून राज्य करता येत नव्हते. त्यातून १८५४मध्ये माओरी कथांचे पुस्तक निघाले, १८५५मध्ये त्याचा इंग्रजी अवतार ‘पॉलिनेशियन मायथॉलॉजी’. माउईने समुद्रातून बेट ओढून काढल्याची गोष्ट आपली मुले शाळेतून शिकून येतात, तिच्या जगभरच्या प्रसाराला हे पुस्तक मोठे कारणीभूत आहे. यातला बराचसा मजकूर ते रांगीकाहेके या ते आरावा जमातीच्या विद्वानाने स्वतःच्या हाताने लिहून दिलेला होता. शेकडो पाने. ग्रेने त्यात काटछाट केली, वेगवेगळ्या जमातींच्या कथा जोडल्या आणि मुखपृष्ठावर नाव आले सर जॉर्ज ग्रे. ते रांगीकाहेकेचे नाव त्यात कुठेही नाही.

तेव्हाची रीतच तशी होती, असे कोणी म्हणेल. १८६८मध्ये मुंबईचा माजी गव्हर्नर बार्टल फ्रियर याच्या मुलीने, मेरीने, ‘ओल्ड डेक्कन डेज’ हे कथांचे पुस्तक काढले. गोष्टी सांगणारी आया ॲना लिबेराता डिसूझा हिचे नाव तर त्यात आहेच, शिवाय तिने सांगितलेली स्वतःची जीवनकहाणीही आहे. म्हणजे नाव देणे सुचत होते.

आणि मी कोणाला नावे ठेवतो आहे? माझ्या पहिल्या शोधनिबंधासाठी मी कोकणातल्या एका खाडीत तिसऱ्या गोळा केल्या. कोणत्या भरतीनंतर कुठल्या चिखलात हात घालायचा हे मला एका मासेमाऱ्याने दोन वर्षे दाखवले. निबंधावर चार नावे आहेत आणि चौघेही डॉक्टर. त्याचे नाव आभारांतही नाही. आज ते मला आठवतसुद्धा नाही.

ते रांगीकाहेकेच्या हस्तलिखितांपैकी बरीचशी आज ऑकलंडच्या मध्यवर्ती ग्रंथालयात आहेत, ग्रेच्याच संग्रहात. पुतळ्यापासून उतार उतरून चालत गेले की पाच-सात मिनिटे लागतात. ती पाहण्यासाठी मी पुढच्या महिन्यात वेळ मागून घेणार आहे. ज्यांना बरोबर यायचे असेल त्यांनी दोन ओळींची मेल टाकावी.