हरताळ : रंग, औषध आणि विष

'हरताळ' म्हटले की महाविद्यालयीन विद्यार्थ्याच्या डोळ्यांपुढे बंद वर्ग आणि घोषणा उभ्या राहतात. तो हरताळ निराळा. 'हट्ट' म्हणजे बाजार आणि त्याला लागलेले टाळे यांवरून तो शब्द आला असे मानतात. मी लिहिणार आहे ते संस्कृतातील 'हरिताला'विषयी, म्हणजे सोन्यासारख्या पिवळ्या, चमकदार खनिजाविषयी. 'नियमांना हरताळ फासला' असे म्हणताना आपण याच खनिजाचे नाव घेत असतो. पोथी लिहिताना चूक झाली की लेखनिक त्या अक्षरांवर हरताळाचा लेप देई आणि वर पुन्हा लिही. मुळात कागदच हरताळाने पिवळा केलेला असला तर दुरुस्ती दिसतही नसे. शिवाय पोथीला कसर लागत नसे.

अक्षरे पुसणारा, किडे मारणारा आणि सोन्यासारखा दिसणारा हा पदार्थ जुन्या माणसाला जादूचा वाटला तर नवल नाही. विष्णुधर्मोत्तर पुराणाच्या चित्रसूत्रात रंगद्रव्यांच्या यादीत हरिताल आहे. प्राचीन इजिप्तच्या चित्रकारांनीही तो वापरला. लॅटिनमध्ये त्याचे नावच 'सोनेरी रंग' या अर्थाचे आहे, आणि रोमचा बादशहा कॅलिग्युला याने त्यातून सोने काढण्याचा खटाटोप केल्याचे प्लिनीने नोंदवले आहे. पण हा रंग लहरी. शिसे किंवा तांबे असलेल्या रंगांशी गाठ पडली की काळवंडतो, फार उजेडात राहिला की फिका पडतो.

आपल्या रसशास्त्राने त्याला औषधात घेतले. त्वचारोग, दमा, जीर्णज्वर यांवर हरताळाचे योग सांगितले आहेत. मात्र आधी त्याचे शोधन करावे लागते: कोहळ्याच्या रसात, चुन्याच्या निवळीत तो पोटलीत टांगून शिजवायचा. ही खटपट कशासाठी? कारण हे विष आहे, याची त्या वैद्यांना पुरती जाणीव होती. हरताळ म्हणजे अर्सेनिक आणि गंधक यांचे संयुग. तांबडी मनशीळ ही त्याची बहीण आणि पांढरा सोमल हा त्याच कुळातला सर्वांत घातकी.

आता माझ्या मुद्द्याकडे येतो. आपल्याकडे अशा पदार्थांविषयी दोन टोकाची मते ऐकू येतात. एक पक्ष म्हणतो, पूर्वजांनी सांगितले ते सिद्धच आहे, शोधन केले की विषाचे अमृत होते. दुसरा म्हणतो, हे सारे थोतांड, फेकून द्या. मला दोन्ही पक्ष आळशी वाटतात, कारण तपासण्याचे कष्ट दोघांनाही नको आहेत.

चीनमधील हार्बिन येथील डॉक्टरांनी १९७० च्या दशकात परंपरागत उपचारातला सोमल उचलला, त्याची मात्रा बांधली आणि रक्ताच्या एका विशिष्ट कर्करोगावर तो शिरेतून देऊन पाहिला. अमेरिकेत २००० साली त्याला औषध म्हणून मान्यता मिळाली. फार दूर कशाला, आपल्या दक्षिणेतल्या वेल्लोरच्या ख्रिश्चन मेडिकल कॉलेजने या रोगाच्या ७२ रुग्णांना केवळ हेच औषध दिले आणि २००६ साली निष्कर्ष प्रसिद्ध केले. सुमारे ८६ टक्के रुग्णांत रोगाची लक्षणे पूर्ण ओसरली होती. विष तेच होते. फरक पडला तो मात्रेने, देखरेखीने, आणि मुख्य म्हणजे जे रुग्ण बरे झाले नाहीत त्यांचीही मोजदाद ठेवल्याने. हकिमाच्या किंवा वैदूच्या कथेत न बरे झालेला रोगी कधी येतच नाही.

उलट बाजूही पाहा. २००४ साली बोस्टन परिसरातील दुकानांतून घेतलेल्या ७० आयुर्वेदीय औषधांपैकी १४ मध्ये शिसे, पारा किंवा अर्सेनिक सापडले. हरताळ, मनशीळ असलेल्या पोटात घ्यायच्या औषधांवर 'वैद्यकीय देखरेखीखालीच घ्यावे' अशी सूचना छापणे आपल्या कायद्याने बंधनकारक आहे. पण माझ्या ओळखीच्या एका गृहस्थांनी अंगावरच्या डागांसाठी पिवळ्या पुड्या आणल्या, त्या वर्तमानपत्राच्या कागदात बांधलेल्या होत्या. त्यावर सूचना कोण छापणार? आणि अर्सेनिक हळूहळू काय करते हे पाहायला परदेशी जायला नको. यादगीर जिल्ह्यातल्या किरदळ्ळी तांड्यावर, जुन्या सोन्याच्या खाणींच्या परिसरात, विहिरींच्या पाण्यातून ते लोकांच्या अंगात गेले. त्वचेवर डाग आणि कठीण गाठी उमटल्या. पिण्याच्या पाण्यात लिटरला १० मायक्रोग्रॅम एवढीच मर्यादा जागतिक आरोग्य संघटनेने घातली आहे. नुसत्या डोळ्यांना न दिसणारे हे प्रमाण.

म्हणून विद्यार्थी मित्रांना माझे सांगणे साधे आहे. धारवाडला १९३९ साली स्थापन झालेली कन्नड संशोधन संस्था आहे, विद्यापीठ आहे, वैद्यकाची आणि आयुर्वेदाची महाविद्यालये आहेत. संस्कृतच्या विद्यार्थ्याने ग्रंथातली कृती नीट वाचावी, रसायनशास्त्राच्या विद्यार्थ्याने शोधनाच्या आधी व नंतर अर्सेनिक किती उरते ते प्राध्यापकांच्या नजरेखाली मोजावे, चित्रकलेच्या विद्यार्थ्याने जुन्या चित्रातला पिवळा कोणता ते ओळखायला शिकावे. या अंकाचे मराठी आणि कन्नड विभाग एका पुठ्ठ्यात बांधले जातात, तसे हे विषयही एकत्र बांधता येतील.

आणि तोवर निदान एक गोष्ट करा. घरात आजोबांची पिवळ्या कागदाची पोथी असेल तर पाने उलटताना बोटाला थुंकी लावू नका, आणि पोथी मिटल्यावर हात धुवा. परंपरेचा आदर त्याने कमी होत नाही. जुने ज्ञान तपासून घेणाऱ्याने त्याला हरताळ फासला असे कोणी म्हणू नये. न तपासता ते विकणारा आणि न वाचता ते टाकणारा, हरताळ फासतात ते हे दोघे.