मुक्याची साक्ष

पडद्याआड / लामतेकर

मागच्या आठवड्यात बालाघाटला कचेरीबाहेर अर्जनवीसाच्या टेबलाशी एक बैगा म्हातारा उभा होता. अर्जनवीस विचारी, म्हातारा मान हलवी. त्याचे शब्द मोजून चार. अर्ज झाला दीड पानाचा, तोही खणखणीत हिंदीत. अंगठा उमटवून त्यानं शाई केसांना पुसली.

लामत्याला परतताना गाडीत 'आक्रोश' डोक्यात घोळत राहिला. गोविंद निहलानींचा १९८०चा चित्रपट, पटकथा विजय तेंडुलकरांची. बायकोच्या खुनाचा आळ आलेला आदिवासी लहान्या भिकू वकिलापुढे तोंड उघडत नाही, कोर्टातही नाही. भास्कर कुलकर्णी वकील खोदखोदून विचारतो. भिकू झालेला ओम पुरी नुसता बघतो. संवादांवर ज्याची हुकमत, त्या लेखकानं नायकाच्या वाट्याचे संवादच काढून घेतले.

कोर्ट हा तेंडुलकरांचा जुना अड्डा. 'शांतता! कोर्ट चालू आहे' या नाटकातल्या बेणारेबाई शेवटी बोलतात, पण तोवर भोवतालची माणसं पुतळे झालेली असतात. भिकूपाशी तर तेवढंही नाही.

याउलट 'राशोमोन' हा चित्रपट आठवा. हाशिमोतो आणि कुरोसावा यांच्या पटकथेत मेलेला सामुराईसुद्धा अंगात आलेल्या बाईच्या तोंडून साक्ष देतो. आजच्या जपानमधल्या युजी साकामोतोंना २०२३मध्ये 'मॉन्स्टर'साठी कान महोत्सवात पटकथेचं पारितोषिक मिळालं. त्यातही त्याच घटना आधी आईच्या, मग शिक्षकाच्या, मग मुलाच्या बाजूनं उलगडतात. तिथे उशिरा का होईना, प्रत्येकाची पाळी येते. तेंडुलकर मात्र अशा माणसाची गोष्ट लिहितात, ज्याची पाळी जिवंतपणीही येत नाही.

म्हणून शेवट अंगावर येतो. बापाच्या चितेजवळ भिकू कुऱ्हाड उचलतो ती बायकोवर अत्याचार करणाऱ्यांवर नाही, स्वतःच्या बहिणीवर. बायकोचं जे झालं ते तिच्या वाट्याला येऊ नये म्हणून. मग तो ओरडतो. त्या ओरडण्यात शब्द नाही.

हल्ली रानातला माणूस पडद्यावर आला की लेखक त्याच्या तोंडी जल-जंगल-जमिनीचं भाषण घालतो. हेतू चांगला असेल, पण हा अर्जनवीसपणाच झाला. दीड पान लेखकाचं, अंगठा तेवढा त्याचा. तेंडुलकरांनी भिकूच्या वतीनं अर्ज लिहिला नाही. ती जागा त्यांनी कोरी ठेवली, आणि ती वाचायचं काम आपल्यावर सोपवलं.