सेझेर यांची फ्रेंच आणि भारतीयांची इंग्रजी

इंग्रजीतून लिहिणाऱ्या भारतीय लेखकांचे समर्थन करताना मार्टिनिकचे कवी एमे सेझेर (१९१३–२००८) यांचा दाखला देण्याचा मोह समीक्षकांना होतो. वसाहतवादावर १९५० साली इतका जळजळीत निबंध लिहिणारा हा कवीदेखील फ्रेंचमध्येच लिहीत राहिला ना, असा हा युक्तिवाद. तो वरवरचा आहे.

मार्टिनिकमधील कृष्णवर्णीयांचे पूर्वज आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणले गेले आणि उसाच्या मळ्यांवर आपापल्या भाषा गमावून बसले. तेथे घडलेली क्रेओल घरोघर बोलली जाई. परंतु सेझेर यांच्या विद्यार्थिदशेत शाळेत तिला स्थान नव्हते आणि तिच्यामागे लिखित वाङ्मयाची फारशी परंपराही नव्हती. परतून जावे अशी ज्ञानेश्वरी तेथे नव्हती, तिरुक्कुरळ नव्हते. म्हणून १९३९ साली प्रथम प्रसिद्ध झालेल्या, मायदेशी परतण्याविषयीच्या दीर्घकाव्यात सेझेर यांनी राज्यकर्त्यांचीच भाषा आतून उसवली. वाक्यरचना मोडली, बेटावरील झाडाझुडपांची नावे, शास्त्रातील दुर्मीळ संज्ञा, स्वतः घडविलेले शब्द तीत घुसविले. ‘नेग्रित्यूद’ हाही असाच घडविलेला शब्द. पॅरिसच्या सुशिक्षित वाचकालाही कोश उघडावा लागावा, अशी ही फ्रेंच आहे. मराठी, बंगाली किंवा तमिळ घरात वाढलेल्या लेखकापुढे ही अडचण नसते. तो इंग्रजी निवडतो. त्या निवडीचे समर्थन खुशाल करावे, पण ते सेझेर यांच्या खात्यावर मांडू नये.

अर्थात एवढ्याने सेझेर आक्षेपातून सुटतात असे नव्हे. ऊस तोडणाऱ्या मजुरापर्यंत ते काव्य पोचणे दुरापास्तच होते. बर्नाबे, शामुआझो आणि कॉन्फियां या पुढील पिढीच्या लेखकांनी १९८९ च्या क्रेओलवादी जाहीरनाम्यात स्वतःस सेझेर यांचे पुत्र म्हणवूनच भाषेचा प्रश्न उपस्थित केला, आणि त्यात तथ्य आहे. त्यांच्या दुसऱ्या आक्षेपाकडे तर भारतीय अभ्यासकाने विशेष लक्ष द्यावे. आफ्रिकेकडे वळलेल्या नेग्रित्यूदच्या दृष्टीतून बेटावरील संमिश्र समाज पुरता दिसत नाही, असे त्यांचे म्हणणे. १८५३ पासून या मळ्यांवर भारतातून करारबद्ध मजूर आणले गेले. त्यांत तमिळभाषक बहुसंख्य होते, आणि सेझेर यांच्या जन्मगावी, बास-प्वांत येथेही त्यांची वस्ती होती. सेझेर यांच्या त्या काव्यात जगातील पीडितांबरोबर एक भारतीयही येतो. तो कलकत्त्याचा आहे.